रामाचं तोंड

घिवलीच्या पुंडलिकानं मुंबईच्या सिनेमात नाव काढलं ते काळोखाच्या जोरावर. हसू नका, खरंच सांगतो! स्टुडिओत आठ वर्षं त्यानं दुसऱ्यांचे दिवे उचलले, आणि स्वतःच्या हातात कॅमेरा आल्याबरोबर दिवेच नको म्हणाला. माणसं समुद्राकडे तोंड करून उभी करायची, समोर मावळता सूर्य, आणि हा पाठीमागं. पडद्यावर नुसती काळी माणसं, भोवती उजेडाची कड. निर्माते आधी बोंबलले, मग तेच 'वा, काय काम आहे!' म्हणत माना डोलवायला लागले.

धाकटा भाऊ रामा मासेमारीला जायचा. गावात शूटिंग असलं की पुंडलिक त्यालाच पुढं करायचा. हक्काचा माणूस, आणि चालायचा मोठ्या ऐटीत. त्याचं तोंड मात्र कधी काढलं नाही. घरचाच तर आहे, काढू कधीतरी!

सहासष्ट साली वादळात होडी उलटली. होडी सापडली, रामा सापडला नाही. आई हिरा तीन दिवस किनाऱ्यावर बसून होती. चौथ्या दिवशी उठली ती सरळ पुंडलिकापुढं आली.

"माज्या रामाचा फोटो दे. मला त्याचं तोंड बगायचं हाय."

घरात एकही फोटो नव्हता.

"बगतो, आये."

"बगतो काय? सगल्या जगाला सिनेमात घातलंस, न् भावाचं तोंड नाय तुज्याकडं?"

पुंडलिकानं मुंबई गाठली. लॅबमधल्या माणसांच्या हातापाया पडून गावात काढलेल्या तिन्ही सिनेमांची रिळं, कापून टाकलेले तुकडेसुद्धा, दोन दिवस तपासली. रामा अठरा जागी सापडला. अठराही जागी पाठ, नाहीतर नुसता काळा आकार. ज्या कामासाठी लोकांनी शाबासकी दिली होती तेच आता त्याला बघवेना. स्वतःच्या हातांची शिसारी आली. एका तुकड्यात रामा ओल्या वाळूवरून होडीकडे निघाला होता. मान जराशी वळलेली, गालाचं हाड तेवढं उजळलेलं. तेवढाच त्यानं मोठा करून आणला.

हिरानं फोटो दारात उजेडाला धरला. उलटा करून मागूनही पाहिला.

"तोंड कुटं हाय?"

"येवडंच हाय, आये."

"एक हाक मारायची व्हती रं. वळला असता. तुज्या हाकेला कदी नाय म्हनला तो?"

पुंडलिकाला राहवलं नाही. दोन दिवस आवरून धरलेलं सगळं बाहेर पडलं.

"मारनारच व्हतो! तू बाजूलाच टोपली घेऊन उबी व्हतीस. माज्या तोंडावर हात ठेवलास. दर्यावर निगालेल्याला मागून हाक मारू नये, म्हनालीस."

बोलून गेला आणि त्यानं जीभ चावली.

हिरा दारातच खाली बसली. फोटो मांडीवर घेऊन त्या गालाच्या हाडावरून अंगठा फिरवत राहिली.

"सुकरूप परत यावा म्हनून रं," ती म्हणाली. "त्याच्यासाटीच."