बसवंतची तीन देशांची सहल

लातूरचा जिल्हा झाला तेव्हा चाकूरला पेढे वाटले होते. वाटणाऱ्यांत बसवंतही होता. पुढच्या दोन-तीन वर्षांत लातुरात नव्या कचेऱ्या आल्या, बँका आल्या, बाहेरगावचे साहेब भाड्याची घरं शोधत हिंडू लागले. पाऊस तेवढा आला नाही. चाकूरच्या शेतातल्या विहिरीला तळ दिसला तसा बसवंतनं नांगराचा नाद सोडला आणि लातूरला एसटी स्टँडजवळ पत्र्याची एक खोली घेतली. बाहेर पाटी लावली. पाटीवर बर्फाचे डोंगर काढले होते. ते काढणाऱ्यानं बर्फ कधी पाहिला नव्हता, त्यामुळं डोंगर मिठाच्या ढिगांसारखे दिसायचे.

बसवंतला माणसं सांभाळता यायची, हे त्याचं भांडवल. कोणाला उलटी होते म्हणून पुढं बसवायचं, कोणाला लसूण चालत नाही, कोणाचं कोणाशी पटत नाही, हे त्याला न सांगता कळायचं. काशी-प्रयागच्या दोन सहली त्यानं नीट पार पाडल्या. मग त्यानं मोठी उडी घ्यायची ठरवली. जाहिरातीच्या कागदावर छापलं: नेपाळ, भूतान, सिक्कीम. तीन देश. मोजकीच माणसं, घरचं जेवण.

तारामतीबाई शाळेत भूगोल शिकवायच्या. पैसे भरायला आल्या आणि कागद वाचून हसल्या. सिक्कीम आता आपल्यातच आलंय, म्हणाल्या, मुलांना मी नकाशात भरून दाखवते. बसवंत म्हणाला, "बाई, तिथली माणसं कुठं बदलली? तुम्ही देशच समजा. दोन देशाला कुणी येत न्हाई." बाई आल्या. कागदावर तीनच देश राहिले.

गौरम्मा आली ती मुलाच्या हट्टानं. मुलगा महादेवप्पा, गोलाईच्या बाजारामागं त्याची तेलबियांची आडत. नवरा गेल्यापासून गौरम्मा घराबाहेर पडली नव्हती. पशुपतिनाथाचं दर्शन होईल म्हटल्यावर ती तयार झाली, पण आधी बसवंतच्या आईला, पार्वतम्माला, भेटून आली. दोघी लिंगायत, दोघींना दीक्षा एकाच स्वामींनी दिलेली. दोघींचं बोलणं निम्मं कानडी, निम्मं मराठी. पोराच्या गळ्यात लिंग आहे का, एवढंच तिनं विचारलं. पार्वतम्मा म्हणाली, हाय. तेवढ्यावर गौरम्मा निर्धास्त झाली.

लिंग होतं. पण बसवंत ते आईच्या धाकानं वागवत होता. वस्त्रात बांधून गळ्यात असायचं, अंघोळीच्या वेळी आडवं यायचं. सकाळी ते तळहातावर घेऊन पूजा करायची, मगच अन्नाला शिवायचं, हे सगळं तो चाकूरला असेपर्यंत चाललं. लातूरला आल्यावर चहा आधी होऊ लागला. मग पूजा राहू लागली. त्याला त्याचं काही वाटलं नाही.

गौरम्माचं तसं नव्हतं. गाडीतले सगळे तिला तिच्या कानडीत अव्वा, म्हणजे आई, म्हणायला लागले होते. काशी सोडून रक्सौलला सरहद्द ओलांडेपर्यंत सगळ्यांना तिचा नेम पाठ झाला. सकाळी अव्वा डाव्या तळहातावर लिंग घेऊन बसली की चहाची किटली तिच्यासाठी थांबायची. चालक शेषेराव मराठा माणूस, तोंडानं फटकळ. तोही म्हणायचा, "अव्वाचा देव उठू द्या, मंग स्टार्टर मारतो."

नेपाळात गाडी त्रिशूली नदीच्या काठाकाठानं चढू लागली. सगळे खिडक्यांना चिकटले. एवढं पाणी. हिरवं, फेसाळ, धोंड्यांवर आपटत चाललेलं, आणि कोणी भरून घेत नाही. लातूरला त्या वर्षी अर्ध्या बादलीत अंघोळ उरकावी लागत होती. बायका तर डोक्यावरून पाणी घेणं विसरल्या होत्या. शेषेराव म्हणाला, हे पाणी वळवून आपल्या मांजरा नदीत सोडलं असतं तर आपण सगळे हितं कशाला आलो असतो. सगळे हसले, आणि मग कोणी हसेना. उतरायचंच, असा सगळ्यांनी एकदम गलका केला.

बसवंतला संध्याकाळच्या आत काठमांडूला पोचायचं होतं. तरी त्यानं गाडी थांबवली. माणसं पाण्यात बसली ती उठेनात. तारामतीबाई लहान पोरीसारख्या पाणी उडवत होत्या. गौरम्मा जरा बाजूला, एका सपाट धोंड्यावर बसून न्हाली. नदीचं नावच महादेवाच्या त्रिशुळाचं, म्हणून तिनं पूजाही तिथंच मांडली. सकाळची पूजा झाली होती. ही जास्तीची.

ऊन कलायला लागलं. बसवंतनं शेषेरावला हॉर्न वाजवायला सांगितलं. शेषेरावनं वाजवला तो सोडलाच नाही. डोंगरातून तो आवाज दुप्पट होऊन आला. गौरम्मा दचकली. ओला हात, गुळगुळीत लिंग. ते धोंड्यावर एकदा वाजलं आणि पाण्यात गेलं.

ती ओरडली नाही. बसवंत बोलवायला गेला तेव्हा ती रिकाम्या तळहाताकडं बघत होती. उघडी चांदीची डबी मांडीवर होती.

सगळ्यांनी शोधलं. शेषेराव गुडघाभर पाण्यात उतरला तर पाय टिकेनात. गौरम्माला कोणी पाण्याचा पेला दिला. तिनं तो बाजूला ठेवला. तारामतीबाईंनी समजावलं की काठमांडूला दुसरं मिळेल, देवळाबाहेर दुकानंच असतात. गौरम्मानं त्यांच्याकडं बघितलं, जणू बाई परक्या भाषेत बोलल्या. मग ती बसवंतला म्हणाली, "पोरा, तू तर आपल्यातला हायस. तुला सांगायला नको. त्याला दिल्याबगर मी पाणी कसं पिऊ?"

बसवंतला खरंच सांगायला नको होतं. लिंग गेलं म्हणून अन्न सोडून बसलेल्या माणसांच्या गोष्टी त्यानं आईच्या मांडीवर ऐकल्या होत्या. दुसरं लिंग बांधायचं तर दीक्षा देणारे जंगम स्वामी पाहिजेत. ते मागं काशीच्या मठात. म्हणजे गाडी इथूनच वळवायची. काठमांडू नाही, भूतान नाही, सिक्कीम नाही. गाडीतल्या माणसांनी वर्षभर या दिवसांची वाट पाहिली होती. आणि तोपर्यंत ही बाई पाण्याचा थेंब घेणार नाही.

तो म्हणाला, खाली धोंड्यांत बघून येतो. एकटाच वळणापलीकडं गेला. मोठ्या धोंड्याआड कपड्यांसकट पाण्यात बसला. गळ्यातलं वस्त्र सोडलं. आतलं लिंग काढलं. एकाच मठातली लिंगं ती. तसंच काळं, तसंच गुळगुळीत, बोराएवढं. वस्त्र त्यानं नदीत सोडून दिलं आणि निथळत परत आला.

गौरम्मानं ते दोन्ही हातांनी घेतलं, डोळ्यांना लावलं. मग तिथंच बसून पूजा केली आणि पाणी प्यायली. शेषेरावनं बसवंतला मिठी मारली. तारामतीबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. लातूरला पोचेपर्यंत गोष्ट अशी झाली होती, की बसवंतनं पुरात उडी मारली आणि तळाशी जाऊन लिंग वर काढलं. त्यानं ती कधी दुरुस्त केली नाही.

काठमांडूत पहिल्या जेवणाला मात्र त्याचा हात ताटावर थांबला. भाताचा घास तोंडात फिरत राहिला, खाली उतरेना. ज्याची पूजा त्यानं महिनोन्‌महिने केली नव्हती, ते गळ्यात नाही म्हणून घास अडावा, याचा त्याला राग आला. पशुपतीसमोर गौरम्मा हात जोडून रडत होती. तो बाहेर चपला सांभाळत उभा राहिला. भूतानच्या वेशीवरच्या गावात पोचेपर्यंत तो नेहमीसारखा जेवायला लागला होता. सिक्कीमला ढग होते, डोंगर काही दिसला नाही. तारामतीबाई म्हणाल्या, देश नव्हताच, दिसणार कसा. बसवंतही हसला.

सकाळी किटली अजून थांबायची. गौरम्मा त्याचं लिंग तळहातावर घेऊन बसायची. तो तिकडं पाठ करून सामान बांधायचा.

उन्हाळ्यात महादेवप्पाचा निरोप आला, आई तुझी आठवण काढते. बसवंत गेला. लातूरला तेव्हा टँकरची वाट बघण्यात लोकांचा दिवस जात होता. गौरम्मा वाळली होती. सून म्हणाली, एक वेळच जेवतात आता. काही बोललं तर ऐकत नाहीत.

गौरम्मानं सुनेला आत पाठवलं. मग हळू आवाजात सांगितलं. परदेशातून आल्यापासून लिंग हातावर घेतलं की परकं वाटतं. मन लागत नाही. आधी डोळे मिटले की ते आणि ती वेगळी नसायची. आता दगड धरून बसल्यासारखं वाटतं.

"माझंच चुकलं," ती म्हणाली. "पाणी बघून मला हाव सुटली. सकाळची पूजा झाली होती की. त्यानं मला एकदा सोडून दाखवलं. तू परत आणून दिलास, पर ते काय माझ्यावर राजी न्हाई. म्हणून एक वेळचं सोडलंय. लेकाला सांगू नको. त्याला कळायचं न्हाई. तुला कळंल."

बसवंतनं तिच्याकडं पाहिलं. सांगायची वेळ हीच होती. चार शब्दांचं काम होतं. त्यानं विचारलं, औषध चालू आहे का.

त्या आठवड्यात तो चाकूरला गेला. पार्वतम्माला त्याचा रिकामा गळा दिसला होताच. कुठं गेलं, असं तिनं सहलीनंतर एकदा विचारलं होतं आणि तो पेटीत आहे म्हणाला होता. आता त्यानं सगळं खरं सांगितलं, गौरम्माचं एक वेळचं जेवणही. ती कडधान्य निवडत होती. हात थांबले.

"मग ती बाई कुणाची पूजा करून राहिली रे इतके दिवस?"

तो म्हणाला, लिंग ते लिंगच. दगड एकच, मठ एकच.

"असं असतं तर तिच्या हाताला कळलं असतं का?" पार्वतम्मा म्हणाली. "तू टाकून दिलं असतंस तर तुझं तुझ्यापाशी. तिच्या गळ्यात का बांधलंस? आता ती सोताला खाऊन राहिली. जा. आजच जा. स्वामींना घेऊन जा, दुसरं बांधू दे. चार शिव्या खा. मरत न्हाईस."

तो गेला. स्वामींना घेतलं नाही. आधी तिला एकटीला सांगू, मग बघू, असं त्यानं वाटेत ठरवलं. एसटीत तो वाक्य जुळवत होता. गौरम्मा अंथरुणावर होती, पण शुद्धीवर होती. त्याला बघून हसली. त्यानं तिच्या उशाशी बसून सुरुवात केली, "अव्वा, ते लिंग..."

तिनं त्याचा हात धरला. "त्याचं काही बोलू नको," म्हणाली. "तू जिवावर उदार होऊन पाण्यात उतरलास. माझा पोटचा उतरला नसता. रोज पूजेत तुझं नाव घेते मी."

सुनेनं चहा आणला. तो त्यानं घेतला आणि उठला. दारात महादेवप्पानं विचारलं, पुढची सहल कधी. आडतीवरची दोन-तीन घरं तयार आहेत. माझ्या आईची गोष्ट ऐकूनच तयार झालीत.

पाऊस लागायच्या आधीच ती गेली.

जमीन इतकी कडक झाली होती की समाधीचा खड्डा खणायला पहारी लागल्या. दोन ठिकाणी पहार वाकली. गौरम्माला लिंगायतांच्या रीतीनं बसवून, भस्म लावून, फुलांनी सजवून आणलं होतं. म्हातारे स्वामी आले. त्यांनीच तिला लहानपणी लिंग बांधलं होतं. महादेवप्पानं तिच्या गळ्यातली चांदीची डबी सोडून त्यांच्या हातात दिली. स्वामींनी डबी उघडली, लिंग काढलं, बोटांनी चाचपलं. त्यांना आता दिसत कमी होतं. ओळखतील, असं बसवंतला वाटलं. ओळखावं, असंही वाटलं. म्हणजे मग आपल्याला बोलावं लागणार नाही.

स्वामींनी ते तिच्या डाव्या तळहातावर ठेवलं आणि बोटं मिटवली.

बसवंत गर्दीतून पुढं सरकला. खड्ड्याच्या कडेपर्यंत आला. त्यानं तोंड उघडलंही होतं. महादेवप्पाला वाटलं, तो माती द्यायला आलाय. त्यानं लोकांना बाजूला केलं आणि भरल्या आवाजात सांगितलं की नदीतून लिंग काढणारा हाच तो, याच्यामुळं आईला आज लिंगासकट माती मिळतेय. पहिली मूठ यानं टाकू दे. लोक त्याच्याकडं आदरानं बघायला लागले. शेषेराव मागं उभा होता, त्यानं डोळे पुसले. कोणीतरी बसवंतच्या हातात एक ढेकूळ दिलं. ते फुटत नव्हतं. त्यानं ते दोन्ही हातांनी चुरायचा प्रयत्न केला, मग तसंच आत टाकलं.

चाकूरला तो पोचला तेव्हा पार्वतम्मा ओसरीवर बसली होती. तिला बातमी कळली होती. ती एवढंच म्हणाली, "सांगितलंस?"

तो हातपाय धुवायला रांजणाकडं गेला.

तिनं उठून त्याचं ताट वाढलं. स्वतःचं वाढलं नाही. भाकरीचा उरलेला तुकडा तिनं झाकून ठेवला आणि ती परत ओसरीवर जाऊन बसली.