बाबांचे बुधवार

सासूबाई गेल्यानंतर आम्ही सासऱ्यांना पुण्याहून जर्मनीत हायडेलबर्गला तीन महिन्यांसाठी आणलं. दुसऱ्याच महिन्यात मला त्यांचा संशय यायला लागला. बुधवारी मी घरून काम करायचे. जेवण झालं की बाबा पुन्हा दाढी करत, इस्त्रीचा शर्ट घालत आणि "नदीवर फिरून येतो" म्हणून निघत. एका बुधवारी धो धो पाऊस असूनही ते गेले. दोन तासांनी परतले तर बूट जेमतेम ओले.

"अहो बाबा, एवढ्या पावसात कुठे फिरलात?"

"असाच, इकडे तिकडे."

कपडे धुवायला टाकताना त्यांच्या खिशात चिठ्ठी सापडली. देवनागरीत, त्यांच्याच अक्षरात: 'इश लीबे दिश. कोम त्सुरुक.' माझं तुझ्यावर प्रेम आहे, परत ये! ज्यांना बेकरीत पाव मागता येत नाही, त्यांना हे कोणी शिकवलं?

नवरा कामासाठी हॅनोव्हरला होता. फोनवर आधी हसला, मग म्हणाला, "बघ जरा जाऊन."

पुढच्या बुधवारी मी त्यांच्या मागोमाग गेले. बाबा वस्तीतल्या एका छोट्या सभागृहात शिरले. आत पडद्यावर जुने, दहा-पंधरा मिनिटांचे मूकपट चालले होते आणि एक जण पियानो वाजवत होता. बाबांच्या शेजारी काठी घेतलेली एक आजी. पडद्यावर एका पाववाल्याची बायको करपलेल्या पावांवरून भांडून घर सोडत होती, तो पीठ माखल्या अंगाने तिच्यामागे धावताना घसरून पडत होता. सगळे हसत होते. पडद्यावर मजकुराची पाटी आली की आजी ती हळूच वाचून दाखवायच्या आणि बाबा लिहून घ्यायचे. शेवटी बायको परत आली तेव्हा बाबांनी डोळे पुसले.

दिवे लागल्यावर मी समोर दिसताच ते गडबडले.

"सांगितलं का नाहीत?"

"काय सांगू? म्हातारा सिनेमा बघून रडतो म्हणून?" मग हळू आवाजात म्हणाले, "तुझ्या सासूची वाचा गेल्यावर दोन वर्षं मी तिचा चेहराच वाचत होतो. इथे तसंच बसता येतं."

मला मान वर करवेना. घरी येऊन नवऱ्याला सगळं सांगितलं.

"बरं," तो म्हणाला. "आणि त्या आजी कोण?"

बाबा पुण्याला परतण्याआधीच्या बुधवारी तोही आमच्याबरोबर आला. लोक हसत होते. हा मात्र मागच्या रांगेतून त्या दोघांवरच नजर ठेवून होता.