देवणीच्या वळूला दिलेले तीन जादा गुण

टेप गुंडाळून मी बेरीज केली आणि मलाच ती आवडली नाही. दिलीपरावांचा पांढराशुभ्र वळू शहाऐंशी, शोभाबाईंचा काळ्या तोंडाचा चौऱ्याऐंशी.

देवणीच्या पशुप्रदर्शनात मी, पशुवैद्यकीय अधिकारी, जज होते. स्कोअर कार्ड माझंच. उंची, छाती, शिंगं, स्वभाव, सगळं मिळून शंभर गुण. "इथे नजर नाही, माप चालेल," असं सकाळी माइकवरून ठणकावलंही होतं. दुसरे जज गफूरचाचा. त्यांची हयात जनावरांच्या बाजारात गेलेली. त्यांनी दोन्ही वळू मैदानात येताना पाहिले आणि चहा मागवला.

"पयला काळ्या तोंडाचा," ते म्हणाले.

"का?"

"का म्हंजे? बगा की."

शोभाबाई दोरी धरून उभ्या होत्या. नंबर आला तर गावोगावच्या गायी या वळूकडे येणार होत्या. नाही आला तर मुलगा त्याला विकून टाकणार होता. मलाही तो वळू फार आवडला होता, कबूल करते. 'स्वभाव' या रकान्यात मी सहाचे नऊ केले. अगदी शास्त्रीय चेहऱ्याने.

निकाल ऐकून दिलीपराव आले. "म्याडम, माप तर माझ्या बाजूनं हुतं. कारण लेखी द्या."

मी कार्डावर कारण शोधू लागले. चाचांनी कप खाली ठेवला. "दोगांलाबी नांगरटीवर चालवा."

चालवले. शोभाबाईंच्या वळूचा मागचा खूर बरोबर पुढच्या खुराच्या ठशात पडत होता, निकोप चालीची खूण. पांढऱ्याचा वीतभर मागेच राहत होता. महिनोन्महिने जागेवर बांधून खाऊ घातल्याने कंबर आखडलेली. हे माझ्या कॉलेजच्या पुस्तकात होतं! मी मात्र सगळे वळू उभे करूनच मोजले होते. दिलीपरावांनी वाकून ठसे पाहिले आणि ते वळू घेऊन परतले. शोभाबाई वळूच्या गळ्यात पडून रडल्या.

"चाचा, कारण होतं तर आधी सांगायचं ना!"

"चालवल्याबिगर दाखवू कसं? आता तुमी सांगा. कार्डावर खोडून सहाचे नऊ कशापायी केले?"

मी कार्ड पालथं घातलं.

"आवडला म्हना की! लाजायचं काय त्यात?"

तेव्हापासून माप घेण्याआधी मला कोणतं जनावर आवडलं ते मी चिठ्ठीवर लिहून दुसऱ्या जजकडे देते. बेरीज चिठ्ठीशी जुळली, की पुन्हा मोजते.