आवाज पुसलेला माग

वडगावातल्या आमच्या घरात मधल्या खोलीत दोन पॉवरलूम आहेत. माग चालू असताना बोललेलं ऐकू येत नाही, म्हणून आम्ही हातांनीच बोलतो. मूठ तोंडाशी नेली की चहा, दोन बोटं फिरवली की कांडीवरचं सूत संपलं. त्यामुळेच असेल, आप्पा, म्हणजे माझे वडील, फोनवरचे व्हिडिओ नेहमी आवाज बंद करून बघतात. माग थांबलेले असले तरीही. कन्नड स्वयंपाक, गोव्याचे मासेवाले, कुणाचं तरी भाषण, सगळं मुकं. त्यात त्यांना काय मिळतं, हे मला अजून नीट कळलेलं नाही.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. तिथं एका मिनिटाच्या फिल्मची स्पर्धा होती. मी आप्पांचं साडी विणणं टिपलं. मैत्रीण म्हणाली, "लई खडखड गं, डोकं उठतंय." तिच्या ॲपमध्ये नको तो आवाज पुसायचं बटण होतं. तिनं ते दाबलं आणि बासरी लावली. वर्गात सगळ्यांना आवडलं. स्पर्धेला पाठवण्याआधी मला ते आप्पांना दाखवायचं होतं, फोनचा आवाज चालू ठेवून. हे आपलंच काम आहे असं त्यांना वाटेल का, एवढंच मला बघायचं होतं.

दुपारी जेवण झाल्यावर त्यांनी ते दोनदा पाहिलं.

"ह्यात माग बंद हाय व्हय गं?"

"चालू हाय की आप्पा! सूत घेऊन धोटा इकडून तिकडं पळतोय, दिसत न्हाय?"

"दिसतंय. ऐकू कुठं येतंय? दोरा तुटला तर ह्या माणसाला कळायचं कसं?"

'ह्या माणसाला' म्हणाले. 'मला' नाही म्हणाले. मी मूळ व्हिडिओ लावला. त्यांनी पडद्याकडं बघितलंच नाही. फोन कानाला लावून डोळे मिटले.

"परत लाव." मग दुसऱ्यांदा ऐकून, "धोटा उजवीकडं जरा जास्तच आदळतोय. मागावर असताना ध्यानात आलं न्हवतं."

ते उठले, पान्यानं काहीतरी आवळलं, माग सुरू केला. मला तो पहिल्यासारखाच वाटला. त्यांनी हातानं खूण केली, आता घे.

संध्याकाळी मी नव्यानं घेतलेला खडखडाटच स्पर्धेला आणि मैत्रिणीला पाठवला. मैत्रिणीचा लगेच मेसेज, "बासरी कुठं गेली?" मी उत्तर लिहायला घेतलं. तेवढ्यात आप्पांनी फोन मागून घेतला. माग थांबवून, डोळे मिटून, ते स्वतःचाच माग ऐकत बसले. आई दारातून मूठ तोंडाशी नेऊन विचारत होती. शेवटी तिलाच त्यांना हाक मारावी लागली.