तातेराव मास्तरांची बिनपरवान्याची शाळा

पुसेगावच्या तातेराव मास्तरांचं काय सांगावं! माणूस सरळ, पण इतकाही सरळ असू नये हो! निजामाचं राज्य होतं, साल असेल सदतीस-अडतीसचं. गावात शाळा नव्हती, म्हणून यांनी गोठ्यातली बैलं बाहेर बांधली आणि आत पोरं बसवली. आधी गावची आली, मग तांड्यावरची. सगळं मराठीत आणि सगळं फुकट. कैक वर्षं कुणी हूं की चूं केलं नाही.

मग कानावर आलं, की खाजगी शाळेला सरकारचा परवाना लागतो. दुसरा असता तर गप बसला असता. यांनी आपल्या हातानं अर्ज धाडला!

"काहून सरकारला जागं करता?" बायको, मनकर्णा, चिडून म्हणाली.

"चांगल्या कामाला कोण न्हाई म्हणंल?" मास्तर म्हणाले. बोला आता!

तालीम खात्याचे, म्हणजे सरकारच्या शिक्षण खात्याचे, साहेब आले. मास्तरांनी त्यांना पुरणपोळीचं जेवण घातलं. पोरांनी पाढे म्हटले. तांड्यावरच्या धनसिंगचा पोरगा, उत्तमसिंग, यानं तर धडा असा घडाघडा वाचला, की साहेबांनी त्याची पाठ थोपटली. मास्तर खूश. आपल्या घरी जेवलेला माणूस आपलं वाईट करील, हे त्यांच्या डोक्यातच कधी आलं नव्हतं.

साहेबांनी हात धुतले, सुपारी तोंडात टाकली आणि हुकूम सांगितला. परवाना नसताना शाळा चालवली, हे अर्जातच कबूल आहे. शाळा बंद. आणि इथं शिकलेल्या एकाही पोराला सरकारी शाळेत घेतलं जाणार नाही.

मास्तरांना कैद केली असती तरी त्यांनी सोसली असती. पण लेकरांनी काय केलं होतं? शिकली, हा गुन्हा? हे कुठलं राज्य म्हणायचं!

महिन्याभरानं धनसिंग आला, उंबऱ्यातच उभा राहिला. "मास्तर, पोराला हिंगोलीच्या सरकारी शाळेत घालायचं हाय. हा कधीच कुठं शिकला न्हाई, असं सांगणारा गावचा साक्षीदार मागून राहिले. भ्यानं कुणी येत न्हाई. तुमीच चला."

"मी? अरे, माझ्याच तोंडानं सांगू?"

"तुमाला तिथं कोण वळखतं? पोराचं बघा, मास्तर."

पोराचंच बघायचं होतं, म्हणून मास्तर गेले.

हिंगोलीच्या हेडमास्तरांनी उत्तमसिंगापुढं मराठी अक्षरं लिहिलेली पाटी धरली. "पढ."

पोरानं पाटी हातात घेतली, उलटी धरली, डोकं खाजवलं. हाच का तो, धडा घडाघडा वाचणारा?

"और ये बुड्ढा कौन है?"

मास्तरांनी धनसिंगकडं बघितलं. धनसिंगही गडबडला. पोरगंच बोललं, "हा दगडोबा. आमची ढोरं राखतो."

न अडखळता! वर हेडमास्तरांच्या डोळ्याला डोळा देऊन! खोटं बोलू नये म्हणून मास्तर ज्याला रोज सांगायचे, तेच हे लेकरू. त्यांना राग आला नाही, धसका बसला. आपणच याला इथं आणून उभं केलं, हे त्यांच्या काळजाला लागलं.

"बच्चा कुछ पढा है?"

"न्हाई साहेब," मास्तर म्हणाले. "याला काई म्हंजे काईच येत न्हाई."

झालं! बारा वर्षांच्या पोराला पहिलीत घातलं, कमरेएवढ्या पोरांत. पण घेतलं. धनसिंगनं कागदावर अंगठा दिला. मग कागद साक्षीदारापुढं सरकला आणि मास्तरांनी सवयीनं टाक उचलला. शाईत बुडवून झटकलासुद्धा!

हेडमास्तरांनी मान वर केली. उत्तमसिंगचा चेहरा पांढराफटक पडला होता.

मास्तरांनी टाक खाली ठेवला, अंगठ्याला शाई लावली.

"कुठं टेकवू, साहेब?" ते म्हणाले. "मला लिवता-वाचता येत न्हाई."