चौथ्या टेबलावरची राणी

लाँड्रीच्या मालकाने दुसरं लग्न केलं ते आपल्याच दुकानातल्या इस्त्रीवालीशी, आणि बायकांनी तिचं नाव ठेवलं राणी. कौतुकाने? छे! नाकं मुरडत. सगळ्यांत पुढे आक्का, दुकानातली सर्वांत जुनी बाई. "बघा, आता आपल्याला ओळखसुद्धा दाखवणार नाही," म्हणाली.

राणीने ओळख दाखवली, वर कायदाच केला. तोवर कपडा जळला की गठ्ठ्याच्या तळाशी दडपायचा आणि 'हरवला' म्हणून मोकळं व्हायचं, कारण सापडली तर ती बाई त्याच दिवशी घरी. राणी म्हणाली, "जाळेल तिने काउंटरवर जाऊन स्वतः सांगायचं. सांगेल तिची नोकरी जाणार नाही." मालकाच्या थोरल्या बहिणीचा नुसता तिळपापड झाला. "धंदा बुडवणार ही बया!" बुडतोय कसला! पाच वर्षांत गिऱ्हाईक दुपटीने वाढलं.

मग एकदा राणीच्याच हातून घात झाला. मोठ्या हॉटेलच्या मालकिणीचा रेशमी झगा म्हणून तिने स्वतः हाती घेतला, इस्त्री जरा जास्त तापलेली, आणि खांद्यावर हा एवढा तपकिरी डाग. नणंद कानाशी लागली, "आक्काचं नाव सांग आणि मिटव." राणी काउंटरवर गेली आणि म्हणाली, "मी जाळला." हॉटेलचं काम त्याच दिवशी गेलं. नणंदेने घर डोक्यावर घेतलं. मालकाने मान खाली घातली. बहिणीपुढे ती वर होती कधी? काउंटर बहिणीच्या ताब्यात गेला आणि राणीला सांगण्यात आलं, तू आता घरी बस.

ती घरी बसते होय? दुसऱ्या दिवशी सुजल्या डोळ्यांनी चौथ्या टेबलापाशी हजर, लग्नाआधीसारखी, इस्त्रीला. मालकीणपण गेलं त्याचं दुःख होतंच, खोटं कशाला बोला. पण मनाला खरी ओढ एकच होती, आपला कायदा राहावा. नणंदेने तोच आधी मोडला. "जाळेल ती घरी जाईल," तिने बजावलं.

महिनाभराने आक्काच्या इस्त्रीखाली पांढरा शर्ट जळला. म्हातारीच्या तोंडचं पाणी पळालं. शेजारीच गठ्ठा होता, हात तिकडे गेलासुद्धा. राणीने पाहिलं, पण सांगेल तिची नोकरी आता जाणार, मग 'जा, सांग' म्हणणार कुठल्या तोंडाने? तेवढ्यात आक्काने चौथ्या टेबलाकडे एकदा पाहिलं, शर्ट उचलला आणि सरळ काउंटरवर नेला.

"साहेब, हा मी जाळला."

गिऱ्हाईक गुरगुरलं, मग म्हणालं, "निदान खरं तरी सांगितलंत. बाकीचे कपडे द्या."

"उद्यापासून येऊ नकोस!" नणंद आक्कावर कडाडली.

मागे एक इस्त्री उभी करून ठेवली गेली. मग दुसरी. एकामागून एक दुकानातल्या सातही इस्त्र्या थांबल्या. एवढी शांतता त्या दुकानात कधी झाली नव्हती, म्हणून मालक केबिनमधून बाहेर आला. त्याने सगळ्यांकडे पाहिलं आणि जन्मात पहिल्यांदा बहिणीला म्हणाला, "ताई, आक्का उद्या येईल. जी सांगेल तिला काढायचं नाही."

नणंद राणीकडे वळली. "हे दुकान चालवतंय तरी कोण?"

"तुम्हीच, ताई," राणी म्हणाली. आनंद तिच्या चेहऱ्यावर मावत नव्हता. "दुकान तुमचं. कायदा तेवढा माझा."