लिंब आडवा नव्हता

आमच्या गल्लीत एक गोष्ट अजून सांगतात. पिंजारी चाचांनी दारातला लिंब तोडू दिला आणि त्याच संध्याकाळी गल्लीला टीव्ही दिसला. मागच्या महिन्यात चाचांच्या मुलानं आपल्या नातवाच्या अकिक्यात, म्हणजे आपल्या बारशासारख्या जेवणात, पाहुण्यांना तीच गोष्ट ऐकवली. शेवटी माझ्याकडं बोट करून म्हणाला, "ये मास्टर काका. दिमाग इनका, झाड आमचं!" पंगतीतल्या लोकांनी माझ्याकडं कौतुकानं पाहिलं आणि मी ताटावर मान खाली घातली. घरी येईपर्यंत स्वतःची अशी चीड आली की चपला काढायचंही भान राहिलं नाही.

आता मी पंच्याऐंशीच्या आसपास आहे. लिंब आडवा नव्हता, हे मी नाही लिहिलं तर कुणीच लिहिणार नाही.

गल्लीच्या तोंडाशी माझं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं, म्हणून मी गल्लीचा मास्टर. निजामाचं राज्य गेलं त्या पोलीस ॲक्शननंतरच्या वर्षांत पोरवयात मी हे काम शिकलो. औरंगाबादेत टीव्हीचा टॉवर अजून झालेला नव्हता. तरी आमच्या गल्लीतल्या कापडवाल्या शेटजींनी टीव्ही आणला, दोन सरकत्या दारांची भली मोठी पेटी. ती त्यांनी खिडकीत ठेवली, म्हणजे गल्लीला रस्त्यावरून बघता यावं. बघायचं काय, तर पडद्यावर वळवळणाऱ्या नुसत्या मुंग्या! मी गच्चीवर पाइप धरून, खाली सगळी गल्ली.

"आलं का?"

"नाय!"

"आता?"

"आवाज आला, माणूस नाय!"

"कसला आवाज?"

"भजी तळल्यासारखा!"

पाइप वाढवला, बूस्टर लावला, ॲन्टेना पुण्याच्या टॉवरच्या दिशेला अंगुळ-अंगुळ फिरवला. शेटजी रोज दुकानात येऊन टोचायचे. "मास्तर, आता काय पेटी घेऊन अजिंठ्याच्या डोंगरावर बसू? तुम्ही शिकलेत तरी कुठं?"

खरं उत्तर मला माहीत होतं. लांबच्या रेडिओ स्टेशनांच्या लहरी रात्री आभाळातल्या एका थरावर आपटून परत खाली येतात, म्हणून दिवसा न लागणारी स्टेशनं रात्री लागतात. हे मी गिऱ्हाइकांना कितीदा समजावलं होतं. टीव्हीची लहर तशी नसते. ती सरळ जाते आणि पृथ्वीच्या गोलाईवरून निघून जाते. पुणं इतकं लांब की मधे ही जमीनच आडवी. फक्त थंडीत, वारा पडला, खालची हवा गार झाली आणि तिच्यावर उबदार हवेचं पांघरूण बसलं, की ती लहर वाकते आणि जमिनीला धरून लांबवर येते. म्हणजे सगळी हवेची मर्जी. पण एवढी महागाची पेटी विकत घेतलेल्या माणसाला "हवेची मर्जी" कोण सांगणार? मला काही येत नाही, असाच त्याचा अर्थ झाला असता. मी गच्चीवरून समोर बोट केलं. "तो लिंब मधे येतोय."

लिंब चाचांचा. त्याच्या सावलीत बसून ते गाद्यांचा कापूस पिंजत. त्यांच्या पिंजणाच्या तारेचा आवाज माझ्या दुकानापर्यंत यायचा. गल्लीतली माणसं त्यांच्याकडं गेली, मीही गेलो. चाचांनी हातातलं काम थांबवून मला एकट्यालाच विचारलं.

"मास्टर, पक्का ना? झाडाचंच आहे?"

"पक्का."

"तो काटो. पोरं रोज उभी राहून मुंग्या बघतात, मेरेकू शरम येते. सावली काय, ताडपत्रीची बी पडते."

दुपारपर्यंत लिंब आडवा झाला. संध्याकाळी कडाक्याची थंडी पडली, वारा अजिबात नव्हता. मी गच्चीवर चढलो आणि पाहिलं, घराघरांतल्या बंबांचा धूर वर जात नव्हता. छपरांच्या जरा वर येऊन चादरीसारखा आडवा पसरला होता. तिथल्या तिथं मला कळलं, आज हवेची मर्जी झाली. तेवढ्यात खाली आरडाओरडा झाला. बातम्या सांगणारी बाई पडद्यावर लख्ख दिसत होती. चाची ओरडल्या, "अय्यो, इसकी तो बिंदी बी दिखरी!" सगळ्यांत जास्त टाळ्या चाचांनी वाजवल्या. मी खाली उतरलो तेव्हा त्यांनी स्वतः चहा आणून दिला, आणि मी तो प्यालो.

काही दिवसांनी आभाळ भरून आलं, वारा सुटला, मुंग्या परत आल्या. मग तर गल्लीला अक्कलच फुटली! कुणी म्हणे चिंच आडवी येते, कुणी म्हणे पाण्याची टाकी. एकानं शेजाऱ्याची पपई सपासप तोडली आणि वर मला सांगायला आला, "बघा आता मास्तर, काय लख्ख दिसतं ते!" मी या मूर्खांवर चिडायचो, पण हा धडा मीच दिला होता, आणि "झाडांचा काही संबंध नाही" एवढं एक वाक्य माझ्या तोंडून निघत नव्हतं. मी म्हणायचो, "बूस्टर बदलू."

उन्हाळ्यात चाचांची ताडपत्री तापायची आणि फडफडायची, कापूस गल्लीभर उडायचा. शेवटी ते काम घेऊन आतल्या खोलीत गेले. कापसाच्या भुग्यानं खोकला लागला. एकदा दुकानात आले.

"टीव्ही अलीकडे दिसत नाय म्हणे?"

"बूस्टर खराब आहे, चाचा."

"हौ. बूस्टर," म्हणाले, आणि खोकत खोकत गेले.

पुढं शहरात टॉवर झाला, घराघरांत चित्र आलं, आणि गोष्ट पक्की झाली. झाड गेलं, टीव्ही आला. मधली वर्षं लोकांनी गाळून टाकली.

अकिक्यानंतर आठवडाभरात मी चाचांच्या मुलाकडं गेलो आणि धुरापासून बूस्टरपर्यंत सगळं सांगितलं. तो मग चिडला.

"मतलब अब्बांनी झाड फुकट दिलं?"

"त्यांनी मनापासून दिलं. फुकट मी घालवलं."

"काका, आमच्या घरात हा एकच किस्सा आहे ज्यात अब्बा जिंकतात. तो बी घेऊन जाता?"

त्यानं सुनेला चहा ठेवायला सांगितलं.

"ठीक आहे," तो म्हणाला, "किस्सा मी सांगत राहीन. तुमचं नाव काढून टाकतो."

"काढू नकोस. मास्टर खोटं बोलला, हे त्यात घाल."

"फिर कोई हँसेगा नहीं, काका."

"नाही हसलं तरी चालेल," मी म्हणालो.

चहा आला तेव्हा तो बाहेर बघत होता. लिंबाच्या जागी आता सिमेंट आहे, दोन मोटारसायकली उन्हात तापत उभ्या होत्या. "बहुत बड़ा था," तो म्हणाला. चहा मी तसाच ठेवून उठलो.